कालविद्येच्या काल्पनिक मठाची घडी कशी बसवावी?

अर्धे_हस्तलिखित:
नमस्कार. गेले वर्षभर मी एक अद्भुतरम्य कादंबरी लिहीत आहे. सह्याद्रीतल्या एका घळीत 'कालमठ' आहे. तिथे मुले बाराव्या वर्षी येतात आणि काळ मोजायला, अडवायला व क्वचित उसना घ्यायला शिकतात. पहिली सहा प्रकरणे वाचून धाकटी आत्या एवढेच म्हणाली, "मठ आपला आहे, पण घड्याळ परक्याचे आहे." तिचे म्हणणे मला पटले, कारण माझ्या मठात मनोरा आहे, मनोऱ्यावर भलेथोरले घड्याळ आहे आणि मंत्र म्हटला की त्याचे काटे उलटे फिरतात. काटेच नसतील, तर अशी संस्था दिवसभर करील काय, तिचा खर्च कोण चालवील आणि तिथल्या आचार्यांत भांडण कशावरून जुंपेल? जादूचे मी पाहून घेईन. मठ मात्र खरा वाटायला हवा.

तांब्याची_वाटी:
घड्याळ परके असेल, पण त्या शब्दाच्या पोटात आपली घटिकाच बसलेली आहे. मनोरा पाडून टाका आणि तिथे पाण्याने भरलेले एक घंगाळ ठेवा. बुडाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडली आणि ती भरत भरत बुडाली की एक घटिका, म्हणजे 24 मिनिटे, झाली. अशा 60 घटिकांचे एक अहोरात्र, घटिकेची 60 पळे आणि पळाची 60 विपळे. दहा गुरू अक्षरे उच्चारायला लागणाऱ्या वेळाला ज्योतिषग्रंथ 'प्राण' म्हणतात आणि सहा प्राणांचे एक पळ धरतात; तेव्हा साठ गुरू अक्षरांचा मंत्र न अडखळता म्हटला की 24 सेकंद होतात. तुमच्या जादूला मंत्र हवाच असेल, तर तो हा आयता आहे.

आमच्या घरी लग्नमुहूर्तासाठी वापरलेले असे एक जुने घटिकापात्र आहे. मागे मी ते मोबाइलच्या घड्याळाशी ताडून पाहिले, तेव्हा कोमट पाण्यात ते गार पाण्यापेक्षा लवकर बुडाले, आणि एकदा तर घटका भरेचना, कारण आदल्या दिवशी चिंचेने घासताना चिंचेचा एक तंतू छिद्रात अडकून राहिला होता. सांगायचे एवढेच की पात्र आपले आपण काळ मोजत नाही. कोणीतरी शेजारी बसून ते बुडताना पाहावे लागते, उचलून रिकामे करावे लागते आणि पुन्हा सोडावे लागते, तेही दिवसरात्रीत साठ वेळा. तुमच्या मठातल्या सर्वांत लहान मुलांना हे काम द्या, म्हणजे एकाला डुलकी लागली तरी साऱ्या मठाचा काळ हरवेल.

खानदेशी:
खर्चाच्या प्रश्नाचे उत्तर चाळीसगावजवळच्या पाटणला दगडावर कोरलेले आहे. 'सिद्धान्तशिरोमणी' 1150 साली लिहिणाऱ्या भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादवराजा सिंघणाच्या दरबारी ज्योतिषी होता, आणि आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने तिथे खरोखरीचा मठ काढला. 1207 साली चंद्रग्रहणाच्या पर्वावर निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने त्या मठाला दान दिले. लेखाचा शेवट जुन्या मराठीत आहे आणि मला तो आधीच्या संस्कृत प्रशस्तीहून अधिक आवडतो, कारण तिथे बाजारात उघडणाऱ्या मालावरचा कर आणि दर घाण्यामागे पळीभर तेल मठाला दिल्याची रोखठोक नोंद आहे. ते तेल कशाला लागत असेल हे रात्री पोथी उघडणाऱ्याला सांगायला नको. तुमचा कालमठही अशा पळीपळीने जमलेल्या तेलावर चालू द्या. एखाद्या वर्षी पाऊस दगा देऊन घाणे थंडावले की अंधारात बुडणारे पात्र दिसणार कसे, यावर एक प्रकरण सहज निघेल.

जाता जाता, घटिकापात्रात मोती अडकून लीलावतीच्या लग्नाची वेळ टळली, ही दंतकथा कृपया पुन्हा वापरू नका. मोत्यापेक्षा चिंच अधिक खरी वाटते.

वाशिष्ठीकाठ:
भांडणासाठी रत्नागिरी जिल्ह्याबाहेर जाण्याचे कारण नाही. बारा चांद्रमास 354 दिवसांत संपतात आणि सूर्याला 365 लागतात, म्हणून साधारण 32–33 महिन्यांनी एक अधिक महिना धरावा लागतो. तो कुठे पडेल हे राशिचक्राचा आरंभ कुठून मोजता यावर ठरते. टिळक पंचांग तो रेवतीच्या ताऱ्यापासून मोजते, तर इतर बहुतेक पंचांगे चित्रेवरून ठरवतात, आणि दोहोंत सुमारे चार अंशांचे अंतर पडते. एवढ्याशा अंतराने आमच्या आजोळी एका वर्षी गणपती बसला, तेव्हा कुंपणापलीकडच्या घरी अधिक महिना चालू होता. महिन्याभराने त्यांच्याकडे गणपती आला आणि आम्हीच तिकडे मोदक खायला गेलो. यात अडाणी कोणीच नाही. गणित दोन्ही घरांचे बरोबर आहे. आता अशी दोन घरे तुमच्या मठाच्या एकाच पंक्तीत बसवा.

अर्धे_हस्तलिखित:
सर्वांचे आभार. मनोरा काल रात्रीच पाडला. पहिले प्रकरण आता घंगाळापाशी पेंगणाऱ्या मुलीपासून सुरू होते. तिला जाग येते तेव्हा वाटी तळाशी असते, आणि ती केव्हा बुडाली हे जगात कोणालाच ठाऊक नसते. एक शंका मात्र राहिली. रात्री पाणी गार होणार, म्हणजे रात्रीच्या घटका लांबणार. मग मठाचा हिशेब रोज थोडा थोडा चुकत जाणार नाही का?

तांब्याची_वाटी:
चुकेल, पण ती चूक साचत नाही. घटिका सूर्योदयापासून मोजतात, त्यामुळे सूर्य उगवला की जुना हिशेब मिटतो आणि पहिले पात्र नव्याने सोडतात. तुमच्या त्या मुलीला पहाटेपर्यंत गप्प बसता आले, तर ती सुटली.