मदत हवी : मॅच सुरू झाली की माझा आवाज मित्रांपर्यंत जात नाही

खामला_४४ · रात्री १०:१२
लवकर मदत पाहिजे. आम्ही तिघं मित्र रोज खेळतो. आमचं बोलणं आमच्यातच राहिलं पाहिजे, पण बाहेरचा माणूस सगळं ऐकते आणि मधात बोलते. म्हणून डिस्कॉर्डवर (ग्रुपमध्ये बोलायचं अ‍ॅप) ग्रुप कॉल लावला. त्या दोघांचा आवाज मला येते, माझा तिकडे जाऊन नाही राहिला. लॉबीत (मॅचच्या आधी थांबतो तिथं) जाते, मॅच सुरू झाली की बंद. अ‍ॅप दोनदा काढून परत टाकलं, माइकची परवानगी दिलेली आहे. अकराला खेळायला बसायचं आहे.

महालचा_मेडिक · १०:१५
गेम कोणता? फोन की पीसी? फोन असेल तर अँड्रॉइड की आयफोन? हेडफोन वायरवाला की ब्लूटूथ? आणि तुम्ही तिघं, तर बाहेरचा माणूस येते कुठून? तो तुमच्या टीममधला आहे की समोरच्या टीमचा?

संत्राबर्फी · १०:१६
डिस्कॉर्ड कशाला पाहिजे भाऊ? व्हॉट्सअ‍ॅपवर ग्रुप कॉल लावा आणि गेम उघडा. एका कॉलमध्ये ३२ जण चालतात, बोलणं दोन टोकांच्या मधात कोणी ऐकू शकत नाही. सेटिंगच नाही काही.

खामला_४४ · १०:१८
बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया), अजून कोणता. फोनवर. अँड्रॉइड.

रूटर_आणि_रस्सा · १०:२१
खासगीच बोलायचं असेल तर स्वतःचा मंबल (ग्रुपमध्ये बोलायचं सॉफ्टवेअर) सर्व्हर हा एकच पक्का उपाय. घरातला जुना लॅपटॉप चालते. पोर्ट (रूटरचं दार) ६४७३८ टीसीपी आणि यूडीपी (डेटा नेण्याच्या दोन पद्धती) दोन्ही रूटरमध्ये उघडायचे. नुसता टीसीपी उघडला तर कनेक्ट होते, पण आवाज यूडीपीऐवजी टीसीपीवरून जाते आणि अडखळते. प्रत्येकाच्या सर्टिफिकेटची नोंदणी केली की दुसरा कोणी त्याच्या नावानं येऊ शकत नाही. आवाजाला उशीरही कमी.

महालचा_मेडिक · १०:२३
@खामला_४४ बाकीच्या प्रश्नांची उत्तरं राहिली. हेडफोन कोणता, आणि चौथा कोण?

खामला_४४ · १०:२५
हेडफोनचा काय संबंध? आवाज येऊन राहिला ना मला. चौथा ऑटो मॅचनं येते (रिकामी जागा गेमच भरते), रोज वेगळा.

महालचा_मेडिक · १०:३३
मग दोन वेगळे प्रश्न आहेत.

पहिला, बाहेरचा ऐकते काऊन. तो चौथा तुमच्या टीममध्येच आहे. गेममधलं 'टीम' चॅनल चौघांचं असते, त्यातून एकाला वगळता येत नाही. तिघांत बोलायचं तर एक तर ऑटो मॅच बंद करून तिघंच उतरा, नाही तर गेमचा व्हॉइस पूर्ण बंद ठेवून बाहेरच्या अ‍ॅपवर बोला. चॅनल 'ऑल'वर असेल तर जवळपासचे शत्रूही ऐकतात, तेही आधी पाहून घे.

दुसरा, तुझा आवाज जात नाही काऊन. अँड्रॉइड १० पासून दोन अ‍ॅप एकाच वेळी माइक उघडू शकतात, पण आवाज एकालाच मिळते. व्हॉइस कॉल करणारी दोन अ‍ॅप भिडली की जे पडद्यावर समोर आहे त्याला खरा आवाज, मागच्याला नुसती शांतता. मॅचमध्ये समोर गेम आहे. गेमचा माइक चालू असला की डिस्कॉर्डला तुझ्याकडून शून्य जाते, आणि डिस्कॉर्डला तसा काही एरर दिसत नाही, म्हणून अ‍ॅप परत टाकून फरक पडत नाही. लॉबीत तुझ्या गेमचा माइक बंद असेल, म्हणून तिथं जमते.

तपासायचं असं. मॅच चालू असताना वरून पडदा खाली ओढ. अँड्रॉइड १२ किंवा पुढचा असेल तर उजव्या कोपऱ्यात हिरवं चिन्ह दिसते. त्यावर बोट ठेव, माइक कोण वापरून राहिलं त्याचं नाव येते. तिथं गेमचं नाव दिसलं तर तोच घोळ.

आता उपाय. मॅचमध्ये नकाशाजवळची माइक आणि स्पीकर ही दोन्ही चिन्हं 'ऑफ' कर. नुसता माइक बंद करून स्पीकर 'टीम'वर ठेवला तर चौथ्याचा आवाज येतच राहते. नंतर गेमच्या सेटिंगमध्ये ऑडिओत जाऊन व्हॉइस चॅनलही बंद कर, नाही तर पुढच्या मॅचमध्ये परत चालू सापडते.

क्रमही सांभाळ. आधी डिस्कॉर्डचा कॉल लाव, बोलून खात्री कर, मग गेम उघड. 'फक्त अ‍ॅप वापरताना' अशी परवानगी दिली असेल तर कॉल डिस्कॉर्ड समोर असतानाच सुरू झाला पाहिजे. मग मागे गेला तरी माइक राहते. फोनच्या सेटिंगमध्ये डिस्कॉर्डची बॅटरी 'अनरिस्ट्रिक्टेड' कर, नाही तर काही फोन अर्ध्या मॅचमध्ये कॉल मारून टाकतात.

संत्राबर्फी · १०:३६
म्हणजे माझंच बरोबर. गेमचा माइक बंद केला की व्हॉट्सअ‍ॅपही चालते. तिघांसाठी सर्व्हर कशाला बनवायचा?

फुटाळा_स्काउट · १०:४०
चालते, पण रोजच्या खेळाला ते अपुरं आहे. एकेकाचा आवाज वेगळा कमी-जास्त करता येत नाही. एक जण ओरडून बोलते, दुसरा पुटपुटते, मग पावलांचा आवाज ऐकायला सगळ्यांचाच कमी करावा लागते. डिस्कॉर्डमध्ये त्या माणसाच्या नावावर जाऊन त्याचाच आवाज बदलते. दुसरं म्हणजे चॅनल कायम उघडं राहते. ज्याचं जेवण उशिरा झालं तो स्वतः येऊन बसते, कोणाला खेळ सोडून परत कॉल लावावा लागत नाही.

संत्राबर्फी · १०:४२
आठवड्यातून एकदा खेळणाऱ्याला एवढं लागत नाही. त्याच्यासाठी व्हॉट्सअ‍ॅपच सोपं, हे मी आताही म्हणतो.

फुटाळा_स्काउट · १०:४३
त्याच्यासाठी हो. धागा काढणारा रोज खेळते.

कॅट६_केबल · १०:४५
@रूटर_आणि_रस्सा मंबल चांगलंच आहे, पण इथं दोन अडचणी तू सांगितल्या नाहीस. एक, हे फोनवाले आहेत आणि मंबलचं अधिकृत अँड्रॉइड अ‍ॅप नाही, मुमला नावाचं वेगळं अ‍ॅप टाकावं लागते. दोन, घरचं फायबर बहुतेक सीजीनॅटमागे असते (अनेक घरांना मिळून बाहेरचा एकच आयपी), तिथं पोर्ट उघडून उपयोग नाही. रूटरच्या पानावर वॅन आयपी (इंटरनेटवाल्यानं रूटरला दिलेला पत्ता) पाहा. तो १००.६४ ते १००.१२७ मधला असेल, किंवा 'माझा आयपी काय' असं सांगणाऱ्या साइटवरच्या आकड्याशी जुळत नसेल, तर बाहेरून तुमच्या घरापर्यंत कोणी पोचत नाही.

रूटर_आणि_रस्सा · १०:५१
त्यावरही मार्ग आहे. टेलस्केल टाका, सगळ्यांचे फोन एका खासगी जाळ्यात येतात, पोर्ट उघडायची गरजच नाही. किंवा इंटरनेटवाल्याकडून स्टॅटिक आयपी घ्या.

कॅट६_केबल · १०:५४
अँड्रॉइडवर टेलस्केल व्हीपीएन म्हणून चालते, आणि व्हीपीएन एका वेळी एकच. शिवाय मे महिन्यात लाइन गेली की तुझा लॅपटॉप बॅटरीवर चालेल, रूटर बंद. मग तिघंही मुके. त्यासाठी रूटरला मिनी यूपीएस लागते, तोही अडॅप्टरवर लिहिलेला व्होल्ट पाहूनच घ्यायचा. बहुतेक १२ व्होल्टचे असतात, काही ९ चे. चुकीचा लावला तर रूटर जाते. तिघांच्या गप्पांसाठी एवढा पसारा मला पटत नाही.

रूटर_आणि_रस्सा · १०:५६
पसारा एकदाच करायचा असते. आपलं बोलणं आपल्याच घरातल्या मशीनवरून जाते, याची किंमत मला मोठी वाटते.

ब्लॉक_बाय_ब्लॉक · १०:५८
माइनक्राफ्टवाल्यांसाठी सांगून ठेवतो. जावा आवृत्तीत सिंपल व्हॉइस चॅट हा मॉड सर्व्हर आणि खेळणारा, दोघांकडे टाकायचा. पोर्ट यूडीपी २४४५४. भाड्याच्या सर्व्हरवर एकच पोर्ट मिळाला असेल तर voicechat-server.properties या फाइलमध्ये पोर्टच्या जागी उणे १ लिहा, मग तो गेमच्याच पोर्टवर चालते. आवाज मुळात ४८ ब्लॉकपर्यंत ऐकू येते. त्यापलीकडे किंवा फक्त मित्रांत बोलायचं तर पासवर्ड टाकून ग्रुप बनवा.

महालचा_मेडिक · १०:५९
इथं माइनक्राफ्टचं कोणी विचारलं नाही. वेगळा धागा काढ ना भाऊ, तिथं लोकांना सापडेल तरी.

खामला_४४ · ११:२४
जमलं! हिरव्या चिन्हावर गेमचंच नाव होतं. दोन्ही चिन्हं बंद केली, आवाज जाऊन राहिला. पण आता गेमचा आवाज डबा झाला. पावलं डावीकडून की उजवीकडून, काहीच समजत नाही. आधी असं नव्हतं.

महालचा_मेडिक · ११:२६
हेडफोन ब्लूटूथ आहे का? तिसऱ्यांदा विचारतो.

खामला_४४ · ११:२७
हो. इअरबड्स.

महालचा_मेडिक · ११:३४
म्हणूनच विचारत होतो. नेहमीच्या ब्लूटूथवर दोन पद्धती असतात. गाणं ऐकताना दोन्ही कानांत वेगळा, पूर्ण आवाज. माइक उघडला की ते कॉलच्या पद्धतीवर उतरते. तिथं आवाज मोनो, आणि नमुने सेकंदाला ८ किंवा १६ हजारच. दोन्ही कानांत तेच जाते, मग डावं-उजवं उरतच नाही. यात बिघाड कशातच नाही, आणि कॉल व्हॉट्सअ‍ॅपवर केला तरी हेच होईल. उशीरही वाढते, गोळी दिसते आधी आणि ऐकू येते नंतर.

वायरवाला माइकचा इयरफोन घे. बर्डीवर (सीताबर्डीच्या बाजारात) कुठंही मिळते, पण पिन पाहून घे. धातूच्या पिनवर काळ्या पट्ट्या मोज. तीन पट्ट्या म्हणजे चार भाग, डावा, उजवा, अर्थ आणि माइक. दोनच पट्ट्या असतील तर त्यात माइक नाही, दुकानदार काहीही सांगो. फोनला गोल भोक नसेल तर टाइप-सीचा इयरफोन घे. कन्व्हर्टर घेतला तर दुकानातच आवाज रेकॉर्ड करून पाहा. काही कन्व्हर्टर ऐकवतात, पण माइक पुढे नेत नाहीत.

आई_गेमरची · ११:३९
माझा मुलगा बारा वर्षांचा आहे. तो असं अनोळखी लोकांशी बोलतो का, हे मला कसं कळेल? डिस्कॉर्डवर त्याचं खातं काढून द्यावं का?

फुटाळा_स्काउट · ११:४४
ताई, डिस्कॉर्डला किमान वय १३ लागते, त्यामुळे आता नको. पुढं काढलंत तर त्यात फॅमिली सेंटर आहे. मुलगा कोणाशी बोलला आणि कोणत्या सर्व्हरमध्ये गेला ते पालकांना दिसते, काय बोलला ते दिसत नाही. सध्या गेममधला माइक आणि स्पीकर दोन्ही बंद ठेवा. इशाऱ्याचे तयार मेसेज त्याशिवायही चालतात.

@खामला_४४ तेच तुलाही. व्हॉइस बंद केलास म्हणून चौथ्याला अंधारात ठेवू नको. शत्रू दिसला की मार्कर टाक, तयार मेसेजही पाठव. तोही तुमच्याच बाजूनं लढून राहिला.

आणि ग्रुप कॉलऐवजी स्वतःचा सर्व्हर बनव. ग्रुपमध्ये १० जण मावतात, पण त्यातला कोणीही आणखी कोणाला घेऊ शकते. सर्व्हरवर व्हॉइस चॅनल काढताना 'प्रायव्हेट चॅनल' चालू कर आणि त्या दोघांचीच नावं टाक. चॅनल आधीच असेल तर त्याच्या परवानग्यांत 'एव्हरीवन'साठी 'व्ह्यू चॅनल' आणि 'कनेक्ट' दोन्हीवर लाल फुली, दोघांसाठी हिरवी टिक. नेहमीची चूक म्हणजे मित्राला प्रेमानं 'अ‍ॅडमिनिस्ट्रेटर' देऊन टाकणे. त्याला कुठलीच फुली अडवत नाही. आमंत्रणाची लिंक एका वापराची आणि ३० मिनिटांची ठेव. काही बदललं नाही तर ती ७ दिवस चालते आणि भलत्याच ग्रुपमध्ये फिरते.

खामला_४४ · ११:५२
घरातला जुना वायरवाला सापडला, तीन पट्ट्या आहेत. पावलं समजून राहिली. पण ते दोघं म्हणतात की माझ्याकडून विमान उडाल्यासारखा आवाज येते.

कॅट६_केबल · ११:५३
कूलर कुठं आहे?

खामला_४४ · ११:५४
खिडकीत. पलंगाला लागूनच.

कॅट६_केबल · रात्री १२:०१
खोलीतला मोठा कूलर पूर्ण वेगानं चालला की नुसती हवाच माइकवर आदळते. तो आवाज सॉफ्टवेअर पूर्ण काढू शकत नाही. पहिलं काम, वायरवरची माइकची डबी हवेच्या झोतातून बाहेर काढ. शर्टाच्या आत नको, घासते. गळ्याशी चिमट्यानं लाव, तोंडापासून चार-पाच बोटं, थोडी बाजूला. पाठ कूलरकडे केलीस तर अंगाचाच आडोसा होते.

मग डिस्कॉर्डच्या व्हॉइस सेटिंगमध्ये नॉइज सप्रेशन (मागचा गोंगाट कमी करायची सोय) 'क्रिस्प'वर ठेव. संवेदनशीलता आपोआप ठरवायची सोय बंद कर. कूलर चालू ठेवून गप्प बस, पट्टी कुठपर्यंत हलते ते पाहा आणि रेघ त्याच्या जरा वर लाव. फार वर लावली तर वाक्याचा पहिला शब्द कापला जाते. 'मागे आहे'मधलं 'मागे'च गेलं तर काय उपयोग. दाबून बोलायची सोय फोनवर नको, दोन्ही अंगठे गेममध्ये असतात.

रूटर_आणि_रस्सा · १२:०४
कोणी मोबाइल डेटावर असेल तर चॅनलचा बिटरेट (सेकंदाला किती डेटा जाते ते) ६४ केबीपीएसवरून ३२ कर. ६४ वर सतत बोलणाऱ्याचे तासाला २८.८ एमबी होतात, ३२ वर निम्मे. बोलणं तेवढ्यातही साफ समजते.

खामला_४४ · १२:२७
पाठ फिरवली, डबी कॉलरला लावली, रेघ दोनदा सरकवली. आता फक्त मी ऐकू येतो म्हणतात. चॅनल प्रायव्हेट केलं. एका मित्राला अ‍ॅडमिनिस्ट्रेटर दिलेलं होतं, तेही काढलं. हेडफोनचं पहिल्यांदा विचारलं तेव्हाच सांगायला पाहिजे होतं. आभार सगळ्यांचे.

संत्राबर्फी · १२:३१
तिसरा मित्र आयफोनवर असेल तर त्यालाही गेमचा माइक बंद ठेवायला सांग. एकाचा स्पीकर उघडा राहिला तरी तुमचा आवाज त्याच्या गेममधून चौथ्याकडे जाऊ शकते.

महालचा_मेडिक · १२:३३
स्पीकर नाही, माइक. आणि फोन कानात इयरफोन न लावता मोठ्यानं वाजत असेल तरच. बाकी बरोबर, तिघांनीही मॅच सुरू झाल्या-झाल्या चिन्हं एकदा पाहायची.