'लॉसलेस'ला मराठीत काय म्हणावे?

प्रश्न

परवा माटुंग्याला मामेभावाकडे मायकल जॅक्सनचा १९८२ सालचा 'थ्रिलर' हा अल्बम सलग ऐकला. "लॉसलेसमध्ये लावलाय, नीट ऐक," असे तो म्हणताच मामींनी विचारले, "लॉस नाही, म्हणजे कुणाचा तोटा टळला?" मला उत्तर देता आले नाही. 'दोषरहित' आणि 'हानिरहित' असे दोन पर्याय वाचनात आले आहेत, पण दोन्ही कृत्रिम वाटतात. याहून बरा शब्द आहे का?

उत्तर

'दोषरहित' प्रथम बाजूला ठेवू, कारण लॉसलेसमध्ये, म्हणजे ध्वनीचा कोणताही तपशील न वगळणाऱ्या फाइलमध्ये, दोष जात नाहीत, ते जसेच्या तसे राहतात. आपण ऐकलेला अल्बम चुंबकीय फितीवर ध्वनिमुद्रित झाला होता. त्या फितीची बारीक सरसर मूळ प्रतीत उरली असेल, तर ती लॉसलेस फाइलमध्येही तेवढीच ऐकू येईल.

मामींचा प्रश्न मात्र नेमका आहे. सीडीवर ध्वनीचे दर सेकंदाला ४४,१०० नमुने, प्रत्येकी १६ बिटांचे, डाव्या आणि उजव्या अशा दोन वाहिन्यांसाठी नोंदलेले असतात. हा हिशेब सेकंदाला सुमारे १,४११ किलोबिट होतो आणि त्या मापाने ४२ मिनिटांच्या या अल्बमला साधारण ४४५ मेगाबाइट जागा लागते. ३२० किलोबिटच्या एमपीथ्रीत तोच अल्बम १०० मेगाबाइटच्या आसपास मावतो, कारण मोठ्या आवाजाच्या आड दडल्यामुळे कानाला जाणवणार नाहीत असे जे बारीक ध्वनी गणिताने ठरवले, त्यांचा तपशील त्यातून वगळलेला असतो. २००१ साली आलेल्या फ्लॅकसारख्या लॉसलेस प्रकारात काहीच वगळले जात नाही. आधीच्या नमुन्यांवरून ज्याचा अंदाज बांधता येतो तो भाग थोडक्यात लिहिला जातो आणि वाजवताना एकेक बिट परत मिळतो. साडीची घडी घालणे आणि साडी कापून लहान करणे यांत जो फरक आहे, तोच हा.

म्हणून मी आधी लॉसीला, म्हणजे एमपीथ्रीसारख्या तपशील वगळणाऱ्या प्रकाराला, शब्द शोधला, तो 'गाळीव'. आपण चहा गाळतो आणि लिहिताना शब्दही गाळतो. एमपीथ्रीत दुसऱ्या अर्थाचे गाळणे घडते. एमपीथ्री फाइल फ्लॅकमध्ये बदलून दर्जा सुधारला असे मानणाऱ्यांनी शाळेतील 'गाळलेल्या जागा भरा' हा प्रश्न आठवावा. फाइलचा आकार वाढतो, जागा रिकाम्याच राहतात.

आणखी एक मत

आमच्या घराचा झवेरी बाजाराशी जुना संबंध असल्यामुळे मला 'घट' हा शब्द आठवला. जुना दागिना आटवला की वजनात जी कमी येते, तिला सराफ घट म्हणतात. 'बिनचूक', 'बिनतोड' यांच्या चालीवर 'बिनघट' का म्हणू नये?

उत्तर

अर्थाने चोख आहे, परंतु झवेरी बाजाराबाहेरच्या वाचकाला 'घट' म्हटले की नवरात्रातले घट दिसतील. माझ्या मते इतके लांब जाण्याचे कारणही नाही, कारण 'शाबूत' हा शब्द आपल्या तोंडी आहेच. पुरात पुस्तके भिजली पण पोथी शाबूत राहिली, असे आपण म्हणतो तेव्हा पोथी सुंदर किंवा निर्दोष असल्याचा दावा करत नाही; होती तशी हाती आली, एवढेच सांगतो. लॉसलेसचा दावाही एवढाच आहे.

प्रश्नकर्त्याकडून

'शाबूत' आवडला. एक शंका आहे. मी दादरहून विरार लोकलने जाताना ब्लूटूथ इयरफोनवर तोच अल्बम लावतो आणि फोनवर 'लॉसलेस' अशी अक्षरे दिसतात. ते शाबूत मानावे का?

उत्तर

फाइल शाबूत, ऐकणे गाळीव. ब्लूटूथवरून आवाज पाठवताना एसबीसी किंवा एएसी या नेहमीच्या पद्धती वापरल्या जातात आणि दोन्ही गाळीव आहेत. साध्या वायरने हा टप्पा टळतो, मात्र विरार लोकलच्या खडखडाटात तो टळल्याचे कोणाला जाणवेल, हे सांगण्याचे धाडस मी करणार नाही.

'शाबूत'ची एक अडचण मान्य करतो. तो सहसा नामामागून, विधानात येतो: 'डोके शाबूत आहे' सहज वाटते, 'शाबूत डोके' अडखळते. त्यामुळे 'शाबूत ध्वनी' हे नामापुढचे विशेषण कानाला खटकेल. आपल्या मामेभावाच्या वाक्यात मात्र तशी अडचण येत नाही. इंग्रजीतले ते विशेषण मराठीत येताच नाम होऊन 'मध्ये' हे शब्दयोगी अव्यय घेऊन बसले आहे, आणि तेथे "अल्बम शाबूत लावलाय, नीट ऐक" असे म्हटले तर मामींनाही पुढे काही विचारावे लागणार नाही.