१६ मिमी रिळांचं स्कॅन : धूळ जावी, दाणा राहावा (मदत हवी आहे)

मंडळी, जरा घाईची मदत हवी आहे.

वडिलांनी जपलेली १६ मिमीची तीन रिळं माझ्याकडे आली आहेत. दोन कृष्णधवल, एक रंगीत. रंगीत रीळ पार गुलाबी पडलंय. कृष्णधवलपैकी एकाचा डबा उघडला की आंबट वास येतो आणि फीत कडेने लहरली आहे.

त्यातल्या त्यात धडधाकट रीळ आधी स्कॅन करून घेतलं. ते पाहून जीव हळहळला. ओरखडे गेले, धूळ गेली, पण चेहरे मेणाचे झाले. केसांच्या बटा, लोकरी कोटाचा पोत, भिंतीचा खडबडीतपणा, सगळं गुळगुळीत. एका प्रसंगात पाऊस आहे, त्यातल्या कितीतरी सरीच गायब! एका फ्रेममध्ये दिसून पुढच्यात नसलेलं जे जे, ते सॉफ्टवेअरने धूळ समजून पुसलं असणार. स्कॅन करणारे म्हणाले, लोकांना स्वच्छ चित्र आवडतं. स्वच्छ मलाही हवंय. पण कृष्णधवल फिल्मवरचं चित्र बनलेलंच असतं चांदीच्या कणांचं, तोच दाणा. दाणा पुसला तर उरलं काय?

असाच पेच एका शिळाछाप (दगडावरून छापलेल्या, लिथोग्राफ) चित्राचा. खाली पेन्सिलीने सही आणि प्रत क्रमांक आहे. माउंटच्या (चित्राभोवतीच्या पुठ्ठ्याच्या चौकटीच्या) कडेने कागदावर तपकिरी रेघ उमटलीये. फ्रेमवाले म्हणतात, ब्लीच करून पांढरं करतो, डागाळलेल्या कडा कापून टाकू. माझं मन धजत नाही.

स्कॅन करणाऱ्यांना नेमकं काय सांगायचं? आणि चित्राचं काय करू?

प्रतिसाद १ :
आंबट वासाचं रीळ आजच बाकीच्यांपासून वेगळं ठेवा. अ‍ॅसिटेट (सेल्युलोजपासून बनलेल्या प्लास्टिकची) फीत कुजताना अ‍ॅसेटिक आम्ल (व्हिनेगरमधलं, आंबट वास त्याचाच) सुटतं, आणि तेच आम्ल कुजणं आणखी वाढवतं. शेजारच्या रिळांनाही त्याची बाधा होते. डबा हवाबंद करू नका, थंड आणि कोरड्या जागी ठेवा. पण हे थांबत नाही, फक्त मंदावतं, म्हणून स्कॅनला पहिला नंबर याचाच. फीत आकसलेली असणार, तेव्हा दातेरी चक्रं नसलेलं यंत्र आहे का ते विचारा. दात्यांवर छिद्रं फाटतात.

स्कॅनबद्दल एकच आग्रह धरा : आधी काहीही न पुसलेली मूळ फाइल. डीनॉइज (दाणा गुळगुळीत करणं) नको, शार्पनिंग (कडा ठळक करणं) नको, फ्रेमच्या कडा दिसू द्या. किमान १० बिट (जितके बिट जास्त, तितक्या छटा जास्त), डीपीएक्स किंवा एफएफव्ही१ या चित्राचा तपशील न गमावणाऱ्या प्रकारांमध्ये. सफाई नंतर, वेगळ्या प्रतीवर, पावसासारख्या प्रसंगांत हाताने. ओरखडे फितीच्या पाठीवर असतील तर वेट-गेट स्कॅन मागा. त्यात द्रव ओरखड्यात भरतो, ओरखडा दिसेनासा होतो आणि दाण्याला धक्का लागत नाही.

गुलाबी रिळात निळसर (सायन) रंगद्रव्य उडालंय. थोडंफार शिल्लक असेल तर रंग बऱ्यापैकी सावरता येतात, पण ८ बिटच्या फाइलमधून ओढून काढायला गेलात तर पट्टे पडतील.

प्रतिसाद २ :
चित्राला ब्लीच अजिबात नको! कागदाचे तंतू कमकुवत होतात. कडा कापणं तर त्याहून वाईट, सही आणि क्रमांक तिथेच आहेत ना? ती रेघ माउंटच्या आम्लयुक्त पुठ्ठ्याची आहे. तो पुठ्ठा काढा, शंभर टक्के सुती, आम्लरहित माउंट वापरा. काच अतिनील किरण अडवणारी घ्या, ती कागदाला टेकू देऊ नका. उजेड ५० लक्सच्या (उजेड मोजायचं एकक) आसपास, कारण उजेडाने उडालेला रंग परत येत नाही. डाग काढायचेच असतील तर कागद-संवर्धकाकडेच जा. आणि चिकटपट्टी कुठेही लावू नका.

धागाकर्ती :
दोघांचेही मनापासून आभार. रीळ वेगळं काढलं, चित्र फ्रेमवाल्यांकडून परत आणते. पहिल्या स्कॅनची न पुसलेली फाइल त्यांनी ठेवली आहे का, ते उद्याच विचारते. नसेल तर तेही रीळ पुन्हा स्कॅन करून घेईन. त्या पावसासाठी तरी.