शब्दचर्चा: रशियन यादवीतल्या 'इंतेर्वेंतां'ना मराठीत काय म्हणावं?

रानजाई
उत्तर रशियातल्या अर्खांगेल्स्क बंदरातल्या एका गोदी कामगाराच्या आठवणी रशियनमधून मराठीत आणते आहे. काळ १९१८ ते १९२०, बोल्शेविक आणि त्यांचे विरोधक यांच्यातल्या यादवीचा. त्यात पानोपानी 'इंतेर्वेंती' हा शब्द येतो. २ ऑगस्ट १९१८ला तिथे ब्रिटिश-फ्रेंच फौज उतरली, सप्टेंबरात अमेरिकन पलटण आली, त्या सगळ्यांना म्हातारा याच एका शब्दात गुंडाळतो. घटनेला आपल्या इतिहासाच्या पुस्तकांत 'लष्करी हस्तक्षेप' म्हणतात, ते चालेल. पण माणसाला काय म्हणू? 'हस्तक्षेपक' लिहून पाहिलं, कुठल्यातरी समितीचे सदस्य वाटतात. 'आक्रमक' लिहिलं तर संपादक म्हणतात, युद्ध जाहीर झालेलंच नव्हतं, शब्द एकतर्फी होतो. हा माणूस चिडून बोलतोय, त्याच्या तोंडी कागदी शब्द शोभत नाही. सुचवा.

शिलेदार
'गनीम' लिहा. एवढा राग तोच शब्द पेलेल. आणि घटनेला 'परचक्र'. परमुलखातली फौज चालून आली की जुन्या मराठीत परचक्र आलं म्हणत. इतका नेमका शब्द घरात असताना 'लष्करी हस्तक्षेप' हे परिपत्रकातलं जोडकाम कशाला हवं?

तळटीप
गनीम अरबी, लष्कर फारसी. 'हस्तक्षेप' निखळ संस्कृत, रुळलेला, शाळकरी मुलालाही कळणारा. हस्तक्षेप करणारे ते 'हस्तक्षेपी'. चार वेळा छापून आला की कानाला सवय होते. सावरकरांचा 'महापौर' आज कुणाला खटकतो?

शिलेदार
शब्दाचं मराठीपण त्याच्या जन्मगावावरून ठरवायचं तर माझं टोपणनावही बाद होईल. शिवाजी महाराजांनी करवून घेतलेल्या राज्यव्यवहारकोशाने फारसी शब्दांना संस्कृत पर्याय दिले, तरी हवालदार आणि किल्लेदार राहिलेच. लोकांनी ठेवले म्हणून राहिले.

खडूफळा
शब्दाच्या जातकुळीआधी घटना बघू या. परचक्र म्हणजे न बोलावता आलेलं. मुर्मान्स्कला मार्च १९१८मध्ये पहिले ब्रिटिश नौसैनिक उतरले ते तिथल्या सोव्हिएतच्या, म्हणजे स्थानिक क्रांतिकारी मंडळाच्या संमतीने, आणि त्या संमतीला बोल्शेविक नेता त्रोत्स्की याचा होकार होता! ३ मार्चला ब्रेस्त-लितोव्स्कचा तह होऊन रशिया महायुद्धातून बाहेर पडला होता, तरी जर्मन आणि फिनलंडमधल्या त्यांच्या मित्रफौजा उत्तरेकडे सरकतील ही धास्ती ब्रिटिश आणि बोल्शेविक दोघांनाही होती. शिवाय दोस्तराष्ट्रांनी झारच्या सैन्यासाठी पाठवलेल्या दारूगोळ्याचे ढीग या बंदरांत पडून होते. उन्हाळा येईतो बोलावलेले पाहुणे वैरी झाले. अर्खांगेल्स्कमध्ये तर बोल्शेविकांची सत्ता उलथवून चायकोव्स्की या जुन्या समाजवाद्याचं सरकार बसवलं गेलं. तेव्हा रानजाईताई, शहरातल्या काही लोकांना हेच सैनिक आधार वाटत होते. तुमचा म्हातारा 'इंतेर्वेंत' म्हणतो तो सोव्हिएत काळात रुजलेला, शिवीच्या अंगाने जाणारा शब्द. तो दंश मराठीत आलाच पाहिजे, नाहीतर त्याची बाजूच पुसली जाईल.

पाऊलवाट
ज्यांनी फौजा धाडल्या त्यांनी हा शब्द स्वतःला लावून घेतला नाही, हेही बघा. १७ जुलै १९१८च्या टिपणात अमेरिकेचे अध्यक्ष विल्सन म्हणतात की लष्करी हस्तक्षेपाने रशियातला गोंधळ मिटण्याऐवजी वाढेल. आणि त्याच टिपणात सैबेरियात सैन्य पाठवायची तयारीही दाखवतात! रशियात अडकलेल्या चेक सैनिकांना मदत आणि व्लादिवोस्तोकच्या साठ्यांची राखण, एवढंच काम म्हणे. सैबेरियातल्या अमेरिकन फौजेचे प्रमुख जनरल ग्रेव्हज यांनी ते टिपण शब्दशः पाळायचं ठरवलं, म्हणून बोल्शेविकविरोधी सेनानी कोल्चाक याच्या बाजूने लढा म्हणणाऱ्यांशी त्यांचं शेवटपर्यंत वाजत राहिलं. जपानी लोक आजही 'शिबेरिया शुप्पेई' म्हणतात. शुप्पेई म्हणजे फौज रवाना करणं, बस्स. ठरलं होतं साधारण ७,००० सैनिकांचं, जपानने धाडले ७०,०००च्या वर. बाकीचे १९२०पर्यंत निघून गेले, जपानी ऑक्टोबर १९२२पर्यंत व्लादिवोस्तोकला बसून होते आणि उत्तर साखालिन त्यांनी १९२५मध्ये सोडलं. याला 'रवानगी' म्हणायचं?

उंबरठा
वृत्तपत्रांचा 'दखल' हा पर्याय नको बरं का. परवाच एका अनुवादात 'रशियात परकीय राष्ट्रांनी दखल दिली' असं वाचलं. हिंदीत दखल देतात, मराठीत दखल घेतात, आणि घेतात म्हणजे लक्ष देतात. पोलीस ज्याची आपणहून दखल घेऊ शकतात तो दखलपात्र गुन्हा. हिंदीच्या वाटेने आलेला हा अर्थ हळूहळू मूळ अर्थाला गिळतो आहे. 'यादवी'चं 'गृहयुद्ध' झालं ते असंच.

तळटीप
गृहयुद्धात वाईट काय? संस्कृतच आहे.

उंबरठा
'यादवी' म्हटलं की प्रभासक्षेत्री एकमेकांना मारून संपलेलं कुळ डोळ्यांपुढे उभं राहतं. 'गृहयुद्ध' म्हटलं की काहीच उभं राहत नाही.

खडूफळा
पण यादवीत बाहेरचा कोणी नव्हता. रशियातल्या यादवीत चेक होते, जपानी होते, ओडेसाला फ्रेंच होते. त्या फ्रेंचांच्या आरमारात एप्रिल १९१९मध्ये खलाशांनीच बंड केलं. मग 'यादवी' पुरेल का?

उंबरठा
पुरेल. बाहेरचे आले म्हणून घरातल्यांनी घरातल्यांना मारलं हे खोटं ठरत नाही. उलट मला मोठी अडचण बोल्शेविकांशी लढणाऱ्या 'व्हाइट' फौजेची वाटते. पुस्तकांत 'श्वेत सेना' असतं, ते नीरस. 'गोरी फौज' लिहावं तर आमच्या आजोबांच्या पिढीला गोरा म्हणजे इंग्रज. 'गोऱ्यांच्या मदतीला गोरे आले' या वाक्याचं काय करायचं?

शिलेदार
'पांढरे' लिहा. तांबडे आणि पांढरे. शेतकऱ्यांच्या टोळ्या होत्या त्यांना रशियनमध्ये 'हिरवे' म्हणतातच. आणि इंग्रज सैनिकाला आपल्याकडे 'सोजीर' हा अस्सल शब्द आहे. रानजाईताई, गोदी कामगाराच्या तोंडी 'सोजीर' किती फिट्ट बसेल! तोही बंदरात, बोटीवरून उतरणाऱ्यांना बघत उभा आहे.

रानजाई
सोजीर चांगला आहे, पण तो आपला इंग्रज आहे. अर्खांगेल्स्कच्या धक्क्यावर तो शब्द आला की वाचक मुंबईच्या फोर्टात जाऊन पोचेल. आणि अमेरिकन, फ्रेंच यांचं काय? मला सगळ्यांना मिळून एक शब्द हवा आहे. संदर्भ देते. एके ठिकाणी तो म्हणतो की मजुरीचे पैसे इंतेर्वेंतांच्या नोटांत मिळायला लागले.

पाऊलवाट
वा, म्हणजे उत्तर रशियाचा तो रूबल! ब्रिटिशांनी १९१८च्या अखेरीस काढला, ४० रूबलला एक पौंड असा बांधलेला दर. योजनेमागे अर्थशास्त्रज्ञ केन्स होते. नोटा इंग्लंडात छापल्या आणि त्यांवर झारची राजचिन्हं तशीच राहिली. ज्या सरकारच्या नावाने त्या चालायच्या ते समाजवाद्याचं, त्याला राजचिन्हं कशी चालणार? शेवटी शिक्के मारून ती झाकावी लागली. तुमच्या म्हाताऱ्याने हातात घेतलेल्या नोटेवर कदाचित तो काळा शिक्का असेल.

शिलेदार
मग तर मिटलं. ज्याचं नाणं त्याचा अंमल, हे आपल्याला कोणी शिकवायला नको. शिवाजी महाराजांनी होन आणि शिवराई पाडली ती कशासाठी? दुसऱ्याच्या मुलखात चलन चालवतात, सरकार बसवतात, अर्खांगेल्स्कजवळच्या मुद्युग बेटावर कैदी ठेवतात, तो हस्तक्षेप नव्हे, अंमल. आणि ते लोक 'अंमलदार'.

तळटीप
अंमलदार म्हणजे आज पोलीस हवालदार. वाचकाचा पार गोंधळ उडेल.

खडूफळा
'अंमल' शब्द उत्तरेला लागू पडेल, ओडेसाला नाही. मध्य आशियाला तर अजिबात नाही, आणि तिथे आपलाही संबंध येतो. इराणात मशहदला बसलेल्या ब्रिटिश जनरल मॅलसन यांच्या हाताखाली १९व्या पंजाबी पलटणीचे शिपाई ऑगस्ट १९१८मध्ये कास्पियनपलीकडच्या रेल्वेवर बोल्शेविकांशी लढले. २८वं लाइट कॅव्हलरी रिसालाही नंतर तिथे होता. ऑक्टोबरात दुशाक स्टेशनवर मोठी चकमक झाली. एप्रिल १९१९पर्यंत त्यांना परत आणलं. ज्याच्या स्वतःच्या देशावर दुसऱ्याचा अंमल आहे असा शिपाई तुर्कमेनी वाळवंटात रशियन कामगारांच्या एका गटाच्या बाजूने दुसऱ्या गटावर गोळ्या झाडतो. त्याला गनीम म्हणायला माझी जीभ रेटत नाही. हस्तक्षेप त्याने केला नाही, त्याच्याकडून करवून घेतला.

उंबरठा
हे फार महत्त्वाचं बोललात. सोव्हिएत लिखाणात तोही 'इंतेर्वेंत'च ठरतो.

मोगरी
मी मधेच एक टाकते. कोसाक आणि आपली 'कजाग' सासू एकच! तुर्की 'कझाक' म्हणजे मोकाट फिरणारा, लुटारू. रशियनमध्ये तोच कोसाक झाला. आपल्याकडे फारसीतून 'कजाख' आला, मग कजाग. माझी आजी सांगलीकडची, ती 'कजाख'च म्हणायची, शेवटी स्पष्ट ख.

तळटीप
नाही पटत. कजाग हा 'कज्जा'वरून आला असणार. कज्जा म्हणजे तंटा, तंटा करणारी ती कजाग. अर्थ सरळ जुळतो. लुटारूपासून सासूपर्यंत यायला फार वळसा पडतो.

मोगरी
कज्जावरून 'कज्जेदलाल' होतो. त्यात शेवटी ग किंवा ख कुठून येईल? प्रत्यय दाखवा.

शिलेदार
मोगरी यांच्या बाजूने. 'कुमक' हा शब्दही तुर्कीच आहे, सैन्याबरोबर आला. लढाईतले शब्द घरात शिरतातच. मोहीम, चकमक, मोर्चा, सगळे घरगुती भांडणात वापरतो आपण.

रानजाई
कजागची चर्चा छानच आहे, पण माझं प्रकरण १५ तारखेला जायचं आहे. सध्या निवेदनात 'परकी फौज' आणि म्हाताऱ्याच्या बोलण्यात 'हे उपरे' असं करते आहे. 'उपरे' कसा वाटतो? त्यात बाहेरचा असणं आहे, नकोसा असणं आहे, आणि युद्ध जाहीर झालं की नाही याच्याशी त्याला देणंघेणं नाही.

तळटीप
उपरा म्हणजे बेघर, निराधार असाही अर्थ आहे. बंदुका घेऊन उतरलेल्यांना शोभणार नाही.

पाऊलवाट
मला 'उपरे' आवडला. पण पहिल्यांदा येईल तिथे 'इंतेर्वेंत' तसाच ठेवा, म्हणजे खडूफळा म्हणतात तो दंश हरवणार नाही.

मोगरी
'चकमक' तुर्कीच आहे, गारगोटीचा चकमक. तळटीप, मोल्सवर्थचा जुना मराठी-इंग्रजी कोश हाताशी असेल तर 'कजाख'चं पान उघडा आणि तिथे मूळ काय दिलंय ते इथे टाका.

तळटीप
टाकतो. पण मोल्सवर्थची व्युत्पत्ती म्हणजे शेवटचा शब्द नव्हे, एवढं आत्ताच सांगून ठेवतो. बखरीतलं एखादं वाक्य द्या, ज्यात कजाख म्हणजे लुटारूच आहे, मग बोलू.