राष्ट्रीय संशोधन सुविधा सामान्य महाविद्यालयांना कितपत खुल्या आहेत?

भौतिकशास्त्र_शिक्षक:
नमस्कार. मी मराठवाड्यातील एका अनुदानित महाविद्यालयात शिकवतो. औंढा नागनाथजवळच्या लायगो-इंडिया या गुरुत्वीय लहरी टिपणाऱ्या वेधशाळेच्या प्रकल्पाला एप्रिल २०२३ मध्ये सुमारे २,६०० कोटी रुपयांची मंजुरी मिळाल्यापासून विद्यार्थी विचारतात की तेथे पीएच.डी. झालेल्यांनाच प्रवेश आहे की इतरांनाही काम मिळू शकते. शिवाय, ज्या महाविद्यालयात पदार्थाची स्फटिकरचना तपासणारे साधे एक्स-रे विवर्तन यंत्रही नाही, त्याला देशातील मोठी उपकरणे वापरता येतात का?

खोडदकर:
सर, पहिल्या प्रश्नाबद्दल लिहितो. मी नारायणगावजवळच्या खोडद येथील रेडिओ दुर्बिणीवर अभियंता होतो. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या तीस अँटेना सुमारे २५ किलोमीटरच्या परिसरात पसरलेल्या असल्यामुळे अँटेना फिरवणाऱ्या सर्व्हो मोटारी, रिसीव्हर, ऑप्टिकल फायबर आणि वीजपुरवठा यांपैकी काही ना काही दुरुस्तीला निघतेच, आणि शोधनिबंधावर ज्यांचे नाव क्वचितच येते अशी माणसे ते सांभाळतात. त्यांत डिप्लोमा आणि आयटीआय झालेले अनेक असतात. लायगोच्या चार किलोमीटर लांबीच्या दोन भुजांमध्ये अत्युच्च निर्वात टिकवायचा असल्याने तेथे वेल्डिंग, गळती-तपासणी, प्रकाशिकी आणि नियंत्रण-प्रणाली जाणणाऱ्यांची गरज सैद्धांतिक भौतिकशास्त्रज्ञांपेक्षा कमी नसेल. अर्थात, जवळ राहतो म्हणून कोणाला नोकरी मिळणार नाही. विद्यार्थ्यांनी हे कौशल्य आतापासून मिळवायला हवे.

प्रस्ताव_लेखक:
दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर होकारार्थी आहे, पण वाट थोडी लांबची आहे. खोडदच्या दुर्बिणीसाठी वर्षातून दोनदा निरीक्षण-प्रस्ताव मागवले जातात आणि निवड गुणवत्तेवर होते. पदार्थविज्ञानात काम असेल, तर इंदूरचा इंडस-२ सिंक्रोट्रॉन (तीव्र क्ष-किरण देणारे यंत्र) किंवा न्यूट्रॉन पुरवणारी मुंबईची ध्रुव अणुभट्टी वापरण्यासाठी विद्यापीठे व महाविद्यालयांतील संशोधकांना विद्यापीठ अनुदान आयोग व अणुऊर्जा विभाग यांच्या यूजीसी-डीएई वैज्ञानिक संशोधन संकुलामार्फत अर्ज करता येतो. रोजच्या मोजमापांसाठी आयआयटी मुंबईच्या सैफ या सामायिक विश्लेषण-उपकरण केंद्रात नमुने शुल्क भरून तपासून मिळतात, आणि कोणते उपकरण कोठे आहे हे आय-स्टेम पोर्टलवर शोधता येते. खरी अडचण प्रस्ताव लिहिण्याची असते. म्हणून पहिला प्रस्ताव अनुभवी सहकाऱ्याबरोबर द्यावा. खगोलशास्त्रात काम करणार असाल, तर पुण्याच्या आयुका या खगोलशास्त्र संशोधन केंद्राची अभ्यागत सहयोगी योजना महाविद्यालयीन शिक्षकांसाठीही आहे, तिची चौकशी अवश्य करा.

जुना_प्रयोगशाळावाला:
वरील माहिती बरोबर आहे, परंतु पोर्टलवर दिसणारे प्रत्येक उपकरण चालू असेल असे गृहीत धरू नका. एका विद्यापीठात मी रेणूंची रचना तपासणारे एनएमआर यंत्र बंद पडलेले पाहिले आहे. त्याच्या अतिवाहक चुंबकाला ठरावीक काळाने द्रव हेलियम भरावे लागते. प्रकल्प संपला, कंत्राटी ऑपरेटर गेला, वार्षिक देखभाल कराराला पैसे उरले नाहीत आणि कोट्यवधींचे यंत्र आच्छादनाखाली गेले. आपल्याकडे यंत्रखरेदीसाठी एकरकमी निधी मिळतो, ते चालवणाऱ्याचे पद मात्र मंजूर होत नाही. संशोधनाला निधी देण्यासाठी २०२३ च्या कायद्याने स्थापन झालेल्या अनुसंधान राष्ट्रीय संशोधन प्रतिष्ठानासाठी पाच वर्षांत ५०,००० कोटी रुपयांची कल्पना मांडली गेली, त्यातील मोठा वाटा सरकारबाहेरून अपेक्षित आहे; त्यातून कायमस्वरूपी तंत्रज्ञांची किती पदे निर्माण होतात, यावरून मी त्याचे मूल्यमापन करीन. तोवर सर, नमुने पाठवण्यापूर्वी यंत्र सध्या कोण चालवते, हे फोन करून विचारा.