‘महादेश’ की ‘परमादेश’?

अनुवादिनी: एका सहकारी संस्थेनं सरकारी जमिनीच्या भाडेपट्ट्याचं नूतनीकरण मागितलंय. अर्ज चार वर्षं कचेरीत पडून. शेवटी हायकोर्टात रिट, म्हणजे सरकारविरुद्धचा अर्ज, केलं. आता हायकोर्टाचा आदेश सभासदांसाठी मी मराठीत आणतेय. ‘मँडॅमस’ला, म्हणजे अधिकाऱ्याला त्याचं काम करायला लावणाऱ्या कोर्टाच्या हुकमाला, ‘परमादेश’ लिहिलं, तर वकीलसाहेबांनी खोडून ‘महादेश’ केलं. म्हणे परमादेश हिंदी. मी तर शाळेपासून परमादेशच ऐकतेय.

मोडीवाला: वकील बरोबर. संविधानाच्या शासकीय मराठी प्रतीत अनुच्छेद ३२ आणि २२६ बघा. पाच रिटांची नावं अशी: देहोपस्थिती, महादेश, प्रतिषेध, क्वाधिकार, प्राकर्षण. परमादेश हिंदी प्रतीतला.

नानाकाका: मी कोलकात्यात नोकरीला होतो. तिथे महादेश म्हणजे खंड, आशिया-आफ्रिका वगैरे. भाडेपट्टा मागायला गेलेल्या संस्थेला कोर्टानं खंडच दिला असं वाटेल. शिवाय लॅटिनमध्ये अर्थ नुसता ‘आम्ही आज्ञा करतो’ एवढाच. त्यात ‘महा’ कुठून आलं?

कोर्टपक्षी: नामावर भांडताय, पण क्रियापद बघा. आदेशात ‘कन्सिडर’ (विचार करा) आहे की ‘डिसाइड’ (निर्णय द्या)? २००६ मध्ये आंध्रच्या एसटी महामंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं ‘कन्सिडर’ या एका शब्दाची फोड केली होती. हक्क तपासून ‘विचार करा’ म्हणणं वेगळं, आणि काहीच न तपासता म्हणणं वेगळं.

अनुवादिनी: ‘डिसाइड’ आहे. आठ आठवड्यांत, कायद्याप्रमाणे. मी ‘अर्ज निकाली काढावा’ असं केलंय.

तलाठ्याची लेक: अगं बाई, ते बदल! चुलत्यांनी दगडखाणीचा पट्टा मागितला होता. कोर्टाचा आदेश आला, ‘निकाली काढा’ वाचलं आणि काकांनी वाडीभर पेढे वाटले. सहाव्या आठवड्यात दोन ओळींचं पत्र: ‘मागणी मान्य करता येत नाही. अर्ज निकाली काढण्यात येत आहे.’ कोर्टाचा हुकूम तंतोतंत पाळला की! आमचे बाबा तेव्हा म्हणाले, कोर्टानं उत्तर द्यायला सांगितलं होतं, होकार द्यायला नव्हे. काका वर्षभर त्यांच्याशी बोलले नाहीत.

कोर्टपक्षी: बाबा बरोबर. पट्टा द्यायचा की नाही हे सहसा अधिकाऱ्याच्या अखत्यारीत. कोर्ट फक्त त्याला हलवतं. मात्र ते दोन ओळींचं पत्र कामाचं असतं. लेखी नकार हातात आला की अपिलाला धरायला काहीतरी मिळतं. गप्प बसलेल्या फाईलविरुद्ध अपील कशाचं करणार? आणि मधल्या काळात नियम बदलले तर बहुधा नवेच लागतात. १९८१ चा हिंद स्टोनचा निकाल बघा, तमिळनाडूतल्या काळ्या ग्रॅनाइटचे पट्टे. अर्जांचा निर्णय वाजवी वेळेत व्हावा हे कोर्टानं मानलं, पण अर्जाच्या तारखेचे नियम लावा असा हक्क मानला नाही. ‘निर्णय द्यावा’ लिहा.

शुद्धमती: अनुवादात ‘दिरंगाई’ नाही ना आलं? फारसी आहे. सरकारी कर्मचाऱ्यांच्या बदल्या आणि कामातल्या विलंबाबद्दलच्या महाराष्ट्राच्या २००५ च्या कायद्याच्या नावातही ‘विलंबास प्रतिबंध’ आहे.

मोडीवाला: आणि त्याच कायद्याला अख्खा महाराष्ट्र ‘दफ्तर दिरंगाई कायदा’ म्हणतो! कलम १० प्रमाणे फाईल दुसऱ्या विभागाकडे जायचं नसेल तर ४५ दिवसांत निर्णय, जायचं असेल तर तीन महिन्यांत. विलंब एसटीलाही होतो हो. दिरंगाई करायला माणूस लागतो. फारसी-अरबी काढायचं तर अर्ज, मुदत, हुकूम, वकील, सगळेच उठतील.

शुद्धमती: उठू देत. आवेदन, अवधी, आज्ञा, विधिज्ञ आहेत.

नानाकाका: विधिज्ञ म्हटल्यानं फी कमी होणार असेल तर माझा पाठिंबा.

सातबारा९०: पण ‘पट्टा’ आला कुठून? दांडपट्टा, कंबरपट्टा, खाणपट्टा, सगळे एकच?

मोडीवाला: मूळ संस्कृत ‘पट्ट’. फळी, पत्रा, कापडाची पट्टी. दान पत्र्यावर कोरलं की ताम्रपट. जमिनीचा कागद तो पट्टा, मग जमीनही पट्टा. दांडपट्ट्याचं पातं लांब पट्टीसारखंच असतं.

शुद्धमती: म्हणजे ‘भाडेपट्टा’ अर्धा तरी शुद्ध.

अनुवादिनी: मंडळी, ‘निर्णय द्यावा’ केलं. आता महादेश ठेवू की परमादेश? संध्याकाळी छापायला जायचंय.

सातबारा९०: आमच्याकडे सोयाबीनची पट्टापेर करतात, मधली एक ओळ रिकामी सोडून. तो पट्टाही यातलाच का?