मूल मधेच हरवतं: लक्ष नाही की फिट?

प्रश्न: ७ वर्षांची मुलगी बोलता-बोलता थांबते, टक लावून बघते, पुन्हा सुरू. बाई म्हणतात, लक्षच नसतं. कसं ओळखायचं?

उत्तर १: हाक मारा, खांद्याला हात लावा. तंद्री असेल तर बहुधा तुटते. ॲबसेन्स फिट (काही सेकंद भान हरपणारी फिट) तुटत नाही. साधारण ५ ते २० सेकंदांत आपोआप संपते, कधी पापण्या फडफडतात, मुलाला काही आठवत नाही. खेळताना, जेवतानाही होत असेल तर शंका पक्की. मोबाईलवर व्हिडिओ घ्याच.

उत्तर २: तो व्हिडिओ बालमेंदूविकारतज्ज्ञांना दाखवा. ईईजी (मेंदूतल्या विद्युत लहरींची तपासणी) करताना ३ मिनिटं जोरजोरात श्वास घ्यायला लावतात, त्यात झटका बऱ्याचदा पकडला जातो. दुसऱ्याच्या गोळ्या देऊ नका. कार्बामाझेपिन या फिटच्याच एका औषधानं हे झटके वाढू शकतात.

उत्तर ३: तोवर पोहायला एकटं सोडू नका. आणि रागावू नका हो, तिच्या हातात नाही ते.